वंशावळीची साक्ष

आपल्या घराण्याचा मूळ पुरुष कोण, हा प्रश्न मनुष्याला बहुधा दोन प्रसंगीं पडतो. घरांत कांहीं नवें वैभव आलेलें असतें तेव्हां, किंवा हातचें कांहीं जाण्याच्या बेतांत असतें तेव्हां. या दोहोंपैकीं कोणताच प्रसंग ज्याच्यावर आला नाहीं, तो आपल्या पणजोबांच्या पलीकडे सहसा जात नाहीं. आमच्या धर्मशास्त्रानेंही याहून अधिक अपेक्षा केलेली नाहीं. श्राद्धांत पिता, पितामह आणि प्रपितामह अशा तीन पिढ्यांचा उच्चार करावा लागतो. सापिंड्याचा विचार सातव्या पिढीपाशीं थांबतो. चौथें नांव आठवलें नाहीं म्हणून कोणाचें श्राद्ध अडून राहिल्याचें ऐकिवांत नाहीं. असें असतां वीस वीस, तीस तीस पिढ्यांच्या वंशावळी आमच्या घराघरांतून निघतात, त्या कोठून येतात, कशासाठीं तयार होतात आणि त्यांवर विश्वास किती ठेवावा, याचा विचार या लेखांत करण्याचें योजिलें आहे.

विसाव्या शतकांत कुलवृत्तांत हा मराठी वाङ्मयाचा एक स्वतंत्र प्रकारच होऊन बसला. एकेका आडनांवाच्या मंडळींनीं एकत्र येऊन, गांवोगांव पत्रें पाठवून, वर्गणी जमवून जाडजूड ग्रंथ छापले. या उद्योगाची थट्टा करण्याची कांहीं विद्वानांस संवय आहे. ती आम्हांस मान्य नाहीं. या ग्रंथांतून लोकांचीं स्थलांतरें, उद्योगधंदे, विवाहसंबंध आणि शिक्षण यांची जी माहिती मिळते ती राजकीय इतिहासाच्या कोणत्याही बखरींत मिळावयाची नाहीं. परंतु अशा ग्रंथांचे संपादक आपलें हस्तलिखित घेऊन आमच्याकडे येतात तेव्हां त्यांचा प्रश्न निराळाच असतो. आजोबा-पणजोबांच्या हकीगतीबद्दल ते आम्हांस कांहीं विचारीत नाहींत. पहिल्या पानावर जो मूळ पुरुष बसविलेला असतो, त्याच्या नांवावर बोट ठेवून ते विचारतात, "एवढें खरें धरावयास हरकत नाहीं ना?" आणि नेमकी तेथेंच हरकत असते.

वंशावळ सांगणारे साक्षीदार आपल्याकडे मुख्यत्वें तीन प्रकारचे. पहिला भाट. दक्षिण महाराष्ट्रांत आणि कर्नाटकांत हेळवी हे काम करितात; सुगीच्या दिवसांत बैलावर बसून गांवांत यावें, यजमानाच्या दारीं त्याच्या पूर्वजांचीं नांवें म्हणून दाखवावीं आणि धान्य घेऊन पुढें जावें, हा त्यांचा परंपरागत क्रम. दुसरा तीर्थोपाध्याय. नाशिक, त्र्यंबकेश्वर, काशी, प्रयाग, गया येथील उपाध्यायांच्या वह्यांतून यात्रेकरूनें आपलें गांव, बाप, आजा, भाऊ, मुलगे यांचीं नांवें लिहून ठेवलेलीं असतात. तिसरा साक्षीदार घरांतील दप्तर. यांपैकीं तीर्थाच्या वहींतील लेखास आम्ही सर्वांत जास्त महत्त्व देतों, आणि त्याचें कारण उघड आहे. गोदावरीच्या कांठीं आपल्या आज्याचें नांव चुकीचें सांगून यात्रेकरूचा कोणताही लाभ होत नाहीं. लाभ नसेल तेथें खोटें बोलण्याचे श्रम मनुष्य सहसा घेत नाहीं. भाटाची गोष्ट तशी नाहीं. त्याची उपजीविका यजमानाच्या संतोषावर चालते, आणि यजमानाचा संतोष पूर्वजांच्या पराक्रमावर. म्हणून भाटाच्या वहींत अलीकडच्या पांचसहा पिढ्या चोख असतात आणि पलीकडच्या दैदीप्यमान असतात.

यांत आणखी एक अडचण आमच्या नांवें ठेवण्याच्या चालीमुळें येते. नातवाला आज्याचें नांव द्यावयाचें, ही जुनी रीत. पेशव्यांच्याच घरांत पाहा: बाळाजी विश्वनाथाचा मुलगा बाजीराव बल्लाळ आणि बाजीरावाचा मुलगा पुन्हां बाळाजी. सामान्य घरांत हीच दोन नांवें आळीपाळीनें पांच पांच पिढ्या चालतात. मग एखादा लेखक दोन बाळाजींचा एक बाळाजी करितो आणि दोन पिढ्या गळतात; दुसरा लेखक एकाच बाळाजीला दोनदां मोजतो आणि दोन पिढ्या वाढतात. येथें लबाडीचा हेतु मुळींच नसतो. परंतु चूक एकदां वहींत चढली कीं पुढचे सर्व लेखक ती प्रत प्रमाण मानून उतरवून घेतात, आणि चार वह्या एकच गोष्ट सांगतात म्हणून ती सिद्ध झाली असें पांचवा म्हणूं लागतो. चार वह्यांची साक्ष म्हणजे चार साक्षी नव्हेत, हें ध्यानांत ठेवलें पाहिजे.

घरांतील दप्तराचा विचार वतनाच्या विचारावांचून होऊं शकत नाहीं. पाटिलकी, कुळकर्ण, देशमुखी, देशपांडेपण, जोशीपण हीं सर्व वतनें वंशपरंपरेनें चालत. तेव्हां वंश सिद्ध करणें म्हणजे पोट सिद्ध करणें होतें. शिवाय पोटाइतकाच मानाचाही प्रश्न असे. होळीची पोळी पहिली कोणी टाकावी, पोळ्याच्या दिवशीं कोणाचे बैल पुढें चालावे, विडा आणि टिळा प्रथम कोणास द्यावा, या गोष्टींवरून थोरल्या आणि धाकट्या शाखांत पिढ्यान्‌पिढ्या तंटे चालले आणि डोकीं फुटलीं. असा तंटा गोताच्या सभेपुढें आला म्हणजे प्रत्येक पक्ष आपला करीना लिहून देई. करीना म्हणजे वतन आपल्या घरांत कोठून आलें, मूळ पुरुष कोण, त्याला पुत्र किती, थोरला कोण, मध्यें कोणत्या दुष्काळांत किंवा धामधुमींत घर परागंदा झालें, याची हकीगत. मग साक्षी होत. गांवचे बारा बलुते आणि शेजारचे पाटील देवळांत शपथेवर बोलत. निर्णय झाला म्हणजे महजर होई आणि त्याखालीं पाटलाचा नांगर, कुळकर्ण्याची लेखणी अशा आपापल्या निशाण्या पडत. साक्षीनें निकाल लागेना तेव्हां दिव्याची पाळी येई. तापलेल्या तेलातुपांतून धातूचा रवा काढावयाचा, हात पिशवींत बांधून त्यावर मोहोर करावयाची आणि नेमल्या दिवशीं पिशवी सोडून हात पाहावयाचा. हरलेल्या पक्षानें 'आपण खोटे' असें यजितखत लिहून द्यावयाचें, म्हणजे पुढच्या पिढीला तोंड उघडण्यास जागा राहूं नये.

हें सर्व वाचतांना आजच्या सुशिक्षितास दिव्याचें हंसूं येतें. परंतु त्या पद्धतींत एक मर्म होतें, तें दुर्लक्षण्यासारखें नाहीं. वंशावळ ही एकट्यानें घरांत बसून लिहावयाची वस्तु आहे, असें त्या काळीं कोणीच मानीत नसे. विरुद्ध पक्ष समोर बसला आहे, त्याचाही करीना ऐकला जाणार आहे, ज्यांचा कांहीं संबंध नाहीं असे शेजारी साक्ष देणार आहेत, अशा स्थितींत ती टिकली तरच ती खरी. छापील कुलवृत्तांतांत विरुद्ध पक्ष नसतो. सर्व साक्षीदार एकाच घरचे असतात.

आणि तरीही खोटे कागद होतच. इंग्रजी अंमलांत १८५२ च्या कायद्यान्वयें इनाम कमिशनचें काम मुंबई इलाख्यांत जोरानें सुरू झालें, तेव्हां प्रत्येक इनामदारास आपला हक्क कागदोपत्रीं दाखविणें भाग पडलें. ज्या घरांत खऱ्या सनदा वाळवीनें किंवा आगीनें गेल्या होत्या, त्या घरांवर मोठें संकट आलें; आणि संकटांत सांपडलेला मनुष्य काय करील याचा नेम नसतो. त्या काळीं शोधले गेलेले, लपविलेले आणि नव्यानें 'सांपडलेले' कागद आजही संशोधकाच्या हातीं येतात. म्हणून एखादी वंशावळ कोणत्या वर्षीं लिहिली गेली, हें तींतील नांवांहून आधीं पाहावें असें आम्हांस वाटतें.

याच दप्तरांतून इतिहासाला काय मिळूं शकतें, याचेंही एक उदाहरण देणें न्यायाचें होईल. कारीच्या जेधे देशमुखांच्या घरांत एक शकावली होती. ती लोकमान्य टिळकांच्या हातीं आली आणि १९१६ मध्यें प्रसिद्ध झाली. तींत शिवाजी महाराजांचा जन्म शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया, म्हणजे १९ फेब्रुवारी १६३०, असा नोंदलेला आढळला. त्यापूर्वीं सर्वत्र १६२७ हें साल चालत असे. बराच वाद झाला. परंतु इतर पुरावा जसजसा पुढें आला तसतशी जेध्यांची नोंद बळकट होत गेली आणि आज तीच तिथि सरकारनेंही मान्य केलेली आहे. एका देशमुखाच्या घरांत, स्वतःच्या वंशाच्या मोठेपणाशीं संबंध नसलेली एक ओळ जपली गेली आणि ती सर्व महाराष्ट्राच्या उपयोगीं पडली. घरच्या कागदांत जें स्वतःविषयीं नसतें तें बहुतकरून अधिक विश्वसनीय असतें, हा धडा यांतून घ्यावयास हरकत नाहीं.

आतां महाराष्ट्रांतील सर्वांत प्रसिद्ध आणि सर्वांत नाजूक अशा वंशवादाकडे वळूं. भोसल्यांचें कूळ कोणतें? निर्विवाद इतिहास बाबाजी भोसल्यांपासून, म्हणजे सोळाव्या शतकापासून सुरू होतो. हिंगणी, बेरडी, देऊळगांव या भागांतील पाटिलक्या त्यांच्याकडे होत्या. बाबाजींचे पुत्र मालोजी आणि विठोजी यांचा निजामशाहींत उदय झाला. वेरूळच्या घृष्णेश्वराचा जीर्णोद्धार आणि शिखर शिंगणापूरचा तलाव हीं मालोजींचीं स्मारकें आहेत. मालोजींचे पुत्र शहाजी आणि शहाजींचे पुत्र शिवाजी महाराज. येथवर कोणाचाही वाद नाहीं. वाद आहे तो बाबाजींच्या मागें.

१६७४ मध्यें रायगडावर राज्याभिषेक करण्याचें ठरलें तेव्हां हा प्रश्न ऐरणीवर आला. कलियुगांत क्षत्रिय उरलेच नाहींत, असें मानणारा एक पक्ष ब्राह्मणांत होता. त्या पक्षास उत्तर देण्यासाठीं काशीचे गागाभट्ट आले. त्यांचें घराणें मूळचें पैठणचें. महाराष्ट्रांतून उत्तरेस गेलेल्या घराण्यांतील पंडितानें उत्तरेंतून महाराष्ट्रांत आलेल्या म्हणून सांगितलेल्या घराण्याचा निर्णय द्यावा, असा हा योग. महाराजांची मुंज झाली, विवाह पुन्हां समंत्रक झाले आणि ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीस, ६ जून १६७४ रोजीं, सिंहासनारोहण झालें. राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून १६९७ मध्यें जिंजीस बखर लिहिणारा कृष्णाजी अनंत सभासद सांगतो कीं, वंशाचा शोध करितां राजे शुद्ध क्षत्रिय शिसोदे, उत्तरेकडून दक्षिणेंत आलेल्या घराण्यांतले, असें ठरलें.

हा शोध खरा कीं सोयीचा? सर यदुनाथ सरकारांनीं तो सोयीचा ठरविला. राज्याभिषेकासाठीं वंशावळ तयार करविली गेली, असें त्यांचें मत. महाराष्ट्रांत त्यावर मोठा क्षोभ झाला. क्षोभ बाजूस ठेवून पुरावा पाहिला तर सरकारांच्या मतास एक अडचण आहे. शहाजीराजांच्या बंगळूरच्या दरबारांत असलेल्या जयराम पिंड्ये कवीचा 'राधामाधवविलासचंपू' राजवाड्यांनीं १९२२ मध्यें प्रसिद्ध केला. हें काव्य राज्याभिषेकाच्या बरेंच आधींचें आहे आणि त्यांतही भोसल्यांचा संबंध राण्याच्या कुळाशीं जोडलेला आहे. तेव्हां ही कल्पना १६७४ मध्यें नव्यानें जन्मास आली, असें म्हणतां येत नाहीं. ती घरांत आधींपासून होती. परंतु एखादी समजूत घरांत जुनी आहे, एवढ्यानें ती खरी होत नाहीं. दरबारी कवि आणि भाट यांचा व्यवसाय फार भिन्न नव्हे.

पुढील पुरावा मुधोळच्या घोरपड्यांचा. घोरपडे आणि भोसले एकाच मूळ पुरुषाचे वंशज, अशी परंपरा आहे. १९३४ मध्यें दत्तो विष्णु आपटे यांनीं घोरपडे घराण्याचा इतिहास प्रसिद्ध केला, त्यांत बहामनी आणि आदिलशाही फर्मानें दिलीं आहेत. त्यांवरून चितोडच्या अजयसिंहाचा पुत्र सज्जनसिंह दक्षिणेंत आला, त्याच्या वंशजांस बहामनी सुलतानांनीं जहागिरी दिल्या आणि घोरपडीच्या साह्यानें किल्ला सर केल्याबद्दल १४७१ मध्यें 'राजा घोरपडे बहादूर' हा किताब मिळाला, अशी संगति लागते. फर्मानें अस्सल असतील तर प्रश्न बहुतांशीं सुटला. परंतु त्यांच्या अस्सलपणाबद्दलच विद्वानांत एकमत नाहीं. आणि दैवाचा खेळ असा कीं, ज्या दोन घराण्यांचें रक्त एक ठरविण्यासाठीं हे कागद पुढें केले जातात, त्यांपैकीं घोरपड्यांच्या बाजीचा १६४८ मध्यें शहाजीराजांच्या कैदेंत हात होता आणि पुढें शिवाजी महाराजांनीं मुधोळावर जाऊन त्याला मारलें. भाऊबंदकीचा हा पुरावा मात्र महाराष्ट्रांतील कोणत्याही वाचकास पटण्यासारखा आहे.

तिसरी दिशा अलीकडची. रामचंद्र चिंतामण ढेरे यांनीं २००१ मध्यें प्रसिद्ध केलेल्या 'शिखर शिंगणापूरचा श्रीशंभुमहादेव' या ग्रंथांत भोसल्यांचें मूळ उत्तरेंत न शोधतां कर्नाटकांत शोधलें आहे. कुलदैवताच्या स्थलांतरावरून कुळाचें स्थलांतर पाहावें, ही त्यांची पद्धति. शंभुमहादेवाच्या उपासनेचा माग काढीत ते होयसळ आणि यादव यांच्या परिवारांतील गवळी-धनगर परंपरेपर्यंत जातात. हें अनुमान सर्वांस मान्य झालेलें नाहीं. परंतु ज्या साक्षीदारास कोणीच बोलाविलें नव्हतें, त्या कुलदेवतेस त्यांनीं साक्षीस उभें केलें, ही गोष्ट पद्धतीच्या दृष्टीनें महत्त्वाची आहे.

येथें साध्या हिशेबाचाही उपयोग होतो. चितोड अल्लाउद्दीन खिलजीनें घेतलें १३०३ मध्यें. शहाजीराजांचा जन्म सोळाव्या शतकाच्या अखेरचा. मध्यें सुमारें दोनशें नव्वद वर्षें. पिढीस पंचवीस ते तीस वर्षें धरलीं तर दहा ते बारा पुरुष व्हावयास पाहिजेत. या कसोटीवर उपलब्ध वंशावळी लावून पाहाव्या. बखरकार चिटणीस एक मालिका देतो, तंजावरच्या बृहदीश्वराच्या देवळांत १८०३ मध्यें सरफोजी महाराजांनीं कोरविलेला प्रचंड मराठी शिलालेख दुसरी देतो, मुधोळचे कागद तिसरी. दोन्ही टोंकें जवळजवळ सारखीं. मधलीं नांवें मात्र जुळत नाहींत. ज्या वंशावळींचें मूळ आणि शेंडा एक असून खोड निराळें, त्यांत खोड मागाहून बसविलें गेलें असावें, अशी शंका घेण्यास जागा राहते. मूळ संबंध असेलही. परंतु तो या नांवांनीं सिद्ध होत नाहीं, एवढेंच आम्ही म्हणूं.

आणि ज्या शिसोद्यांशीं संबंध जोडण्याची एवढी उत्कंठा, त्यांच्याही मूळाबद्दल वाद आहेच. आटपूरच्या ९७७ मधील शिलालेखांत त्या वंशाचा मूळ पुरुष गुहदत्त हा आनंदपुराहून आलेल्या ब्राह्मणकुळांतील म्हणून वर्णिला आहे. त्यावरून देवदत्त रामकृष्ण भांडारकरांनीं गुहिलोत मूळचे नागर ब्राह्मण, असें प्रतिपादिलें. गौरीशंकर ओझांनीं तें खोडून सूर्यवंशाचा पक्ष उचलला. म्हणजे एका वंशाची दोरी दुसऱ्या खुंट्याला बांधावी, तों तो खुंटाही हालतांना दिसतो. सर्व राजवंशांची हीच कथा आहे. देवगिरीचे यादव यदूपर्यंत गेले आणि सिंदखेडचे जाधव यादवांपर्यंत.

येथवर कागदांची साक्ष झाली. जिवंत साक्षीदार तरी निश्चित सांगतो काय? अठराव्या शतकांतील दोन प्रसंग पाहूं. १५ डिसेंबर १७४९ रोजीं शाहू महाराज निपुत्रिक वारले. त्यांच्या हयातींतच ताराबाईंनीं सांगितलें होतें कीं, आपल्या पुत्राचा पुत्र गुप्तपणें पानगांवास वाढला आहे. शाहूंची राणी सकवारबाई त्याला तोतया म्हणत होती. ताराबाईंनीं त्याच्या पंक्तीस जेवून, अन्नावर हात ठेवून तो आपला नातू असल्याची शपथ वाहिली, आणि रामराजा गादीवर बसला. पुढें तो आपल्या तंत्रानें चालेना म्हणून २४ नोव्हेंबर १७५० रोजीं त्याच ताराबाईंनीं त्याला साताऱ्याच्या किल्ल्यांत कैद केलें आणि हा आपला नातूच नव्हे असें जाहीर केलें. १७५२ मध्यें जेजुरीस खंडोबापुढें तशी शपथही घेतली. एकाच आजीनें एकाच नातवाविषयीं दोन देवांना साक्षी ठेवून दोन शपथा घेतल्या! तिच्याहून जवळचा साक्षीदार कोण असणार? तथापि रामराजा १७७७ पर्यंत छत्रपति म्हणूनच जगला. राज्य चालविणाऱ्यांस सहीशिक्क्याचा धनी हवा होता. त्याचा बाप कोण, हें ठरविण्याची निकड कोणासच राहिली नव्हती.

दुसरा प्रसंग सदाशिवराव भाऊंच्या तोतयाचा. भाऊ १४ जानेवारी १७६१ रोजीं पानिपतावर पडले. पुढें सुखनिधान नांवाचा एक कनोजी ब्राह्मण भाऊ म्हणून पुढें आला. पुण्यास चौकशी होऊन तो खोटा ठरला आणि कैदेंत पडला. १७७६ च्या आरंभीं रत्नागिरीच्या अधिकाऱ्यानेंच त्याला सोडून धनी म्हणून मानलें आणि कोंकणांतील किल्ले भराभर त्याच्या हाताखालीं गेले. अखेर महादजी शिंदे आणि भिवराव पानसे यांनीं बंड मोडलें, आंगऱ्यांनीं त्याला पकडलें आणि डिसेंबर १७७६ मध्यें पुण्यास त्याला देहान्त शासन झालें. हजारों लोकांनीं त्याला भाऊ कां मानावें? कारण पानिपतानंतर कित्येक घरांत कोणी ना कोणी परत यावयाचा राहिला होता. भाऊंची पत्नी पार्वतीबाई १७८३ मध्यें मरेपर्यंत सौभाग्यवतीच राहिली. तिच्या मृत्यूनंतर भाऊंचें उत्तरकार्य झालें. ज्या समाजास एखाद्या मनुष्याची इतकी गरज असते, त्याला तो मनुष्य भेटतोच.

या सर्व उदाहरणांवरून आमचें म्हणणें असें कीं, वंशावळीस नेहमीं दोन प्रश्न विचारावे. पहिला, ही खरी आहे काय? दुसरा, ही त्याच दिवशीं कां हवी झाली? पहिल्या प्रश्नाचें उत्तर पुष्कळदां मिळत नाहीं. दुसऱ्याचें बहुधा मिळतें, आणि इतिहास त्यांत असतो. १६७४ मध्यें क्षत्रियत्वाचा दाखला कां लागला? तीस वर्षें झुंजून राज्य मिळविलें, किल्ले बांधले, आरमार उभारलें, तरी अभिषेकाचे मंत्र त्यावांचून म्हटले जाणार नव्हते म्हणून. वंशावळ राज्याच्या आधीं आली नाहीं. राज्य झालें म्हणून वंशावळ पाहिजे झाली. १८९९ च्या सुमारास कोल्हापुरास शाहू महाराजांना वेदोक्त मंत्र नाकारले गेले, तेव्हां सव्वादोनशें वर्षांपूर्वींचा तोच वाद पुन्हां उभा राहिला. एकदां मिळालेला दाखला कायमचा नसतो, हें छत्रपतींच्या घरासही अनुभवावें लागलें. आणि २०२३ मध्यें मराठवाड्यांत निजामी अमलांतील मोडी दप्तरें चाळून लोक आपल्या पणज्यापुढें 'कुणबी' हा शब्द शोधूं लागले. ज्या शब्दापासून दूर जाण्यासाठीं एका काळीं वंशावळी रचल्या गेल्या, तोच शब्द सांपडावा म्हणून दुसऱ्या काळीं डोळ्यांत तेल घालून तपास झाला. यांत हंसण्यासारखें कांहीं नाहीं. एका वेळीं मान अडला होता, दुसऱ्या वेळीं मुलांचें शिक्षण आणि नोकरी. दोन्ही वेळां मनुष्य आपल्या पूर्वजांकडे गेला तो नड घेऊनच गेला.

आणखी एका गोष्टीकडे कुलवृत्तांत लिहिणाऱ्यांचें लक्ष वेधणें आमचें कर्तव्य आहे. या वंशावळींत कोण नसतात, तें पाहावें. स्त्रिया नसतात. बारा पिढ्यांच्या पटावर बारा बाप दिसतात. बारा आया कोठल्या, त्यांचीं माहेरचीं नांवें काय, याची ओळही नसते. दत्तकाची जागा एखाद्या कंसांत उरकलेली असते, वास्तविक साताऱ्याची गादी रामराजानंतर दत्तकानेंच चालली. आणि ज्यांना वतनच नव्हतें त्यांची तर वंशावळच नाहीं. परंतु जुने महजर उघडून पाहिले म्हणजे सीमेच्या तंट्यांत गांवच्या महाराची साक्ष महत्त्वाची धरलेली दिसते. शेत कोणाचें, बांध कोठचा, हें तो सांगे आणि मोठमोठ्या घराण्यांचे निकाल त्याच्या शब्दावर लागत. दुसऱ्यांचा वंश आणि सीमा ज्याच्या स्मरणावर टिकून राहिल्या, त्याच्या स्वतःच्या पूर्वजांचीं नांवें लिहून ठेवण्याची तसदी मात्र कोणीं घेतली नाहीं.

म्हणून ज्या कुटुंबांस आपला वृत्तांत लिहावयाचा असेल त्यांना आमची विनंती एवढीच. मूळ पुरुषाच्या शोधांत वर्षें घालवूं नयेत. घरांत जें वृद्ध माणूस हयात असेल, त्याच्यापाशीं आधीं बसावें. आजीचें माहेर, तिच्या बहिणी, प्लेगाच्या सालीं घर कोणत्या गांवीं गेलें, शेत कधीं विकलें, पहिला मुलगा इंग्रजी शाळेंत कोणीं घातला, हें तारखांसह लिहून घ्यावें. तीर्थाच्या वहींतील उतारा आणावा. मोडी कागद असल्यास जाणत्याकडून वाचवून त्याची नक्कल करावी आणि मूळ कागद टाकूं नयेत. दोन भाऊबंदांच्या हकीगती जुळत नसतील तर एकीला खोटी न ठरवितां दोन्ही छापाव्या. ज्या पिढीपर्यंत पुरावा आहे त्या पिढीपाशीं रेघ ओढून त्यापुढें 'परंपरा' असा शब्द घालावा. अशा ग्रंथांत सूर्य किंवा चंद्र मूळ पुरुष म्हणून येणार नाहीं हें खरें. पण पन्नास वर्षांनीं जो कोणी तो उघडील त्याला त्यांतील प्रत्येक नांवावर हात ठेवून बोलतां येईल, आणि तें पुस्तक वाचून एखाद्या मुलीस आपल्या पणजीचें नांव प्रथमच कळेल.